पोवळ्याची मक्खी

माझ्या वडिलांच्या रिव्हॉल्व्हरचा नेम बिघडलाय, असं आमच्या घरात सगळे म्हणत. रिव्हॉल्व्हरचा कसला बिघडतोय, कपाळ! बिघडले होते ते वडिलांचे डोळे. हे मला ठाऊक होतं, आईला ठाऊक होतं, थोरल्या भावाला ठाऊक होतं, गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. पण सुभेदाराला तोंडावर सांगायचं कुणी? म्हणून सगळे मिळून त्या लोखंडाला दोष द्यायचे. लोखंड उलटून बोलत नाही. मी बोलायचे, म्हणून मी वाईट.

आबा, म्हणजे माझे वडील, फौजेतून सुभेदार होऊन पेन्शनीवर आले तेव्हा मी शाळेत होते. आमचं गाव आष्ट्यापासून सायकलच्या अंतरावर. रान उसाचं, पाणी नदीचं, आणि दर दुसऱ्या घरातलं कुणी ना कुणी फौजेत. तरीही सुभेदार म्हणजे सुभेदार. आबा चावडीवर गेले की बसलेली माणसं उठायची आणि ते बसल्याशिवाय बसायची नाहीत. त्यांच्याकडं परवान्याचं रिव्हॉल्व्हर होतं. सोप्यातल्या ट्रंकेत ते कुलपात असायचं आणि महिन्यातून एकदा तेलपाण्याला बाहेर निघायचं. तेव्हा बायकापोरींनी सोप्यात यायचं नाही. भाऊ समोर मांडी घालून बसायचा आणि जांभया द्यायचा. मी दाराआडून बघायचे आणि दात-ओठ खायचे.

रिव्हॉल्व्हरच्या नळीच्या टोकावर एक छोटं उभं पातं असतं. फौजेत त्याला मक्खी म्हणतात. डोळ्याजवळच्या खाचेत ती मक्खी बरोबर मधोमध आणायची आणि मक्खीच्या डोक्यावर निशाण ठेवायचं, की नेम जुळला. आबा हे भावाला पुन्हा पुन्हा सांगायचे. त्याच्या डोक्यात ते कधी शिरलं नाही. माझ्या डोक्यात दाराआडून शिरलं.

आता दसऱ्याचं सांगते, कारण सगळं रामायण तिथंच घडलं. आमच्या गावात शिलंगणाला सगळे पुरुष शिवेवर जातात. तिथं शमीचं एक जुनं झाड आहे. त्याच्या आडव्या फांदीला कोहळा टांगायचा, आणि गावातल्या मानाच्या माणसानं तो बंदुकीनं फोडायचा. कोहळा फुटला की मग सोनं लुटायचं, म्हणजे आपट्याची पानं. फुटल्याशिवाय पानाला कुणी हात लावत नाही. आबा पेन्शनीवर आल्यापासून हा मान त्यांचा. पहिली काही वर्षं त्यांनी एका गोळीत कोहळ्याच्या चिंधड्या उडवल्या. त्यांचं हे कौतुक गाव वर्षभर पुरवून पुरवून सांगायचं.

मग एका दसऱ्याला नेम चुकला.

त्या झाडापलीकडं आमचंच रान आहे. ऊस निघालेलं, नांगरून टाकलेलं. त्या रानात दरवर्षी कवठे महांकाळकडचं एक मेंढपाळ कुटुंब मेंढरं बसवायचं. तिकडं पाणी नाही, चारा नाही. इकडं आम्हाला खत हवं. नवरा-बायको आणि मेंढरांचा कळप, असा त्यांचा मुक्काम असायचा. त्या वर्षी त्यांचं तान्हं पोर सोबत होतं. आबांची गोळी कोहळ्याच्या बाजूनं गेली आणि त्या रानातल्या एका मेंढीला लागली. मेंढी जागेवर आडवी झाली. तिच्या शेजारी, अगदी हाताच्या अंतरावर, घोंगड्यावर ते लेकरू झोपलेलं होतं.

आणि गाव काय म्हणालं? गाव हसलं. "सुभेदार, कोहळा ऱ्हायला, मटनाची सोय झाली की!" असं कुणीतरी म्हणालं आणि हशा पिकला. बाजारातनं चांगली मेंढी आणून मेंढपाळाला देऊन आबांनी विषय मिटवला. घरी आल्यावर पागोटं खुंटीला अडकवत म्हणाले, "मक्खी वाकलीया. साताऱ्याला न्यायला पायजे." भाऊ लगेच म्हणाला, "व्हय आबा, मलाबी तसंच वाटलं." तुला काय वाटतंय डोंबल! तुला मक्खी कुठल्या टोकाला असते ते तरी माहीत होतं का?

मी त्या वर्षी सांगलीत विश्रामबागला कॉलेजात होते. रोज आष्ट्याहून एस्टीनं जायचे. कॉलेजात एन.सी.सी. होती आणि मुलींना बावीस बोअरची रायफल चालवायला देत. पहिल्यांदा रायफल खांद्याला लावली तेव्हा मला वाटलं, हे मला आधीपासून येतंय. आमच्या तुकडीत माझ्याएवढा नेम कुणाचा नव्हता, मुलांचाही नव्हता. हे मी बढाई म्हणून सांगत नाही. राग म्हणून सांगते. कारण घरी ही गोष्ट सांगितल्यावर आत्या म्हणाली होती, "लगीन जमंपत्तुर कुनाला सांगू नगंस गं बाई."

आबांचे डोळे गेलेत हे ओळखायला रायफल यावी लागत नव्हती. आई चहा बशीत ओतून द्यायची, आणि आबा बशी धरायला हात पुढं करायचे तो बशीच्या शेजारी. चावडीवरून येताना समोरच्याला ते आवाजावरून ओळखायचे. समोरचा बोललाच नाही तर खाकरून पुढं जायचे. एकदा आमच्याच गोठ्यात त्यांनी शेजाऱ्याच्या चुकून शिरलेल्या म्हशीला आमच्या म्हशीच्या नावानं हाक मारून चुचकारलं. सगळे बघत होते. सगळ्यांनी चेहरे वळवले. डोळ्यांत मोतीबिंदू उतरलाय हे आंधळ्यालाही कळलं असतं.

मी सांगितलं, सरळ समोर उभं राहून. "आबा, मिरजेला जाऊया. डोळं दावूया. आपरेशन करत्यात, लोकं बरी हुत्यात."

आबांनी माझ्याकडं पाहिलं. म्हणजे माझ्या आवाजाकडं पाहिलं. "माझ्या डोळ्याला काय झालंय?" असं म्हणाले आणि उठून गेले. आईनं रात्रभर माझ्याशी अबोला धरला. भाऊ म्हणाला, "तुला लय शाणपना आलाय कालिजात जाऊन." म्हणजे रोग वडिलांना आणि औषध सांगणारीला शिव्या. आमच्या घराची रीतच ती.

दरम्यान आबा साताऱ्याला जाऊन आले. तिथल्या बंदुका दुरुस्त करणाऱ्यानं मक्खी तपासली आणि ती सरळ आहे असं सांगितलं, हे भावानंच मला नंतर सांगितलं. पण सुभेदारसाहेब म्हणाले वाकलीय, म्हणजे वाकलीय. "घास म्हनतोय न्हवं!" आबा म्हणाले, आणि त्या माणसानं मुकाट कानस मारून मक्खी घासली. आता मक्खी बुटकी झाली की नेम धरताना नळीचं तोंड आपसूक वर उचललं जातं आणि गोळी उंच जाते. म्हणजे आधी फक्त माणसाला दिसत नव्हतं, आता हत्यारही खरोखर बिघडलं. हुकूम म्हटला की मान डोलवायची, या एका सवयीपायी आमच्याकडं किती धडधाकट गोष्टी मोडल्या असतील, देव जाणे.

पुढचा दसरा जवळ आला. मेंढपाळ पुन्हा त्याच रानात उतरले. ते लेकरू आता रांगत होतं. मी एस्टीतून उतरून येताना ते रोज दिसायचं, मेंढरांच्या पायापायांत. आबांना मान सोडा म्हणायची सोय नव्हती. मान दुसऱ्याला द्यायचा तर भावाला द्यावा लागला असता, आणि त्याच्या हातून कोहळा तर सोडाच, झाडही वाचलं असतं. माझं नाव कुणाच्या मनात येणं शक्यच नव्हतं. मी एकदा बोलून पाहिलं. आत्या एवढं हसली की तिला ठसका लागला.

शेवटी मी ठरवलं, की डोळे दुरुस्त करू देत नाहीत तर निदान मक्खी तरी अशी करू, की त्या डोळ्यांनाही दिसेल. कॉलेजात आम्ही उलटं करायचो. उन्हात मक्खी चकाकू नये म्हणून तिला कंदिलाची काजळी धरायचो. आबांसाठी ती चकाकायला हवी होती. लाल हवी होती, भडक, नळीच्या काळ्या टोकावर उठून दिसणारी. आणि घासून गेलेली उंचीही भरून निघायला हवी होती.

रंग लावून बघावा असं आधी वाटलं. पण रंगानं उंची येत नाही. मी आईजवळ बोलले. ती भाकरी थापायची तशी थापत राहिली. दुसऱ्या दिवशी मी कॉलेजला निघाले तेव्हा तिनं माझ्या मुठीत कागदाची पुडी कोंबली. आत तिच्या लग्नातल्या पोतीतलं एक पोवळं होतं, बारकं, जोंधळ्याच्या दाण्याएवढं. "चालंल का बघ," म्हणाली. एवढंच. आईला सगळं कळत होतं. ती बोलत नव्हती, याचा मला आजही राग येतो; आणि तिनं पोत तोडली, हे आठवलं की तो राग कुठं ठेवावा ते कळत नाही.

सांगलीतून मी दोन नळ्यांतला लेप आणला, एकत्र कालवला की दगडासारखा घट्ट होणारा. डोळ्यांचं नाव न काढता, मक्खी जास्त घासली गेलीय, ती नीट करून देते, असं मी आबांना सांगितलं. त्यांनी रिव्हॉल्व्हर रिकामं करून पाटावर ठेवलं आणि पहिल्यांदा मला सोप्यात बोलावलं. भावाला बाजूला सरकायला लागलं. मी मक्खीवरचं तेल स्पिरिटनं पुसून काढलं. तिच्या डोक्यावर बारीक कानशीनं खाच पाडली. पोवळ्याची खालची बाजू घासून सपाट केली, म्हणजे ते खाचेत बसेल, डुगडुगणार नाही. मग लेप, मग चिमट्यानं पोवळं, मग डोळ्यासमोर धरून मधोमध आलंय का ते बघणं. एका बाजूला केसभर कललं होतं. काढलं, पुसलं, पुन्हा बसवलं. आबा शेजारी बसून होते. माझ्या हातातला चिमटा त्यांना दिसत नव्हता. पण ते माझ्या श्वासाकडं कान लावून होते असं मला वाटलं. "दम खा," ते मधेच म्हणाले, "श्वास सोडून मंग लाव." नेम धरतानाचाच नियम. त्या दुपारी मी त्यांच्यावर रागावलेली नव्हते, हे कबूल केलं पाहिजे.

लेप वाळल्यावर विहिरीच्या बांधाला तेलाचा रिकामा डबा लावून आम्ही गेलो. पाठीमागं मातीचा उंच बांध, गोळी कुठं जाणार नाही अशी जागा मीच निवडली. मी विचारलं, "दिसतोय का ठिपका?"

"दिसतोय की! झ्याक दिसतोय. कुकवागत."

त्यांनी गोळ्या झाडल्या आणि डबा ठणाठण वाजला. सगळ्या लागल्या नाहीत, पण लागल्या. आबांनी मान हलवली आणि माझ्या पाठीवर थाप मारली. माझ्या आयुष्यात त्यांनी पाठीवर थाप मारल्याची तेवढी एकच वेळ. मी घरी येईपर्यंत हवेत होते. मला वाटलं, जिंकले.

मग खंडेनवमी आली.

खंडेनवमीला आमच्याकडं झाडून सगळी हत्यारं पाटावर मांडतात. कोयते, विळे, कुऱ्हाडी, नांगराचा फाळ, आजोबांची गंजलेली तलवार आणि मधोमध रिव्हॉल्व्हर. पूजा घरातल्या सवाष्णीनं करायची. हत्याराला हात लावायचा पुरुषांनी, कुंकू लावायचं बायकांनी, अशी वाटणी. आई अंघोळ करून आली आणि ओलं कुंकू दोन बोटांवर घेऊन तिनं दरवर्षीसारखं प्रत्येक हत्याराच्या टोकाला लावलं. कोयत्याच्या टोकाला, तलवारीच्या टोकाला. आणि नळीच्या टोकाला. चांगलं दाट, वर अक्षता दाबून. तिनंच दिलेलं पोवळं तिनंच कुंकवात बुडवून टाकलं. हाताच्या सवयीनं. तिच्या ध्यानातही आलं नाही.

माझ्या ध्यानात आलं तेव्हा कुंकू वाळत आलं होतं. लाल ठिपक्याभोवती लाल चिखल. ठिपका कुठला, नळी कुठली, मला धडधाकट डोळ्यांनी कळेना. मी ओला फडका घेऊन पुढं झाले तशी आत्या कडाडली, "हात लावू नगंस! सवाष्णीनं लावल्यालं कुकू पुसतीस? आईच्या कुकवावर उठलीस व्हय?"

आमच्याकडं शस्त्राला लावलेलं कुंकू शिलंगण होईतोवर पुसत नाहीत. ते घरधन्याच्या आयुष्याचं कुंकू समजतात. आत्या आबांची थोरली बहीण; ऐन विशीत विधवा होऊन माहेरी आलेली. तिचं स्वतःचं कुंकू पुसलं गेलेलं, म्हणून दुसऱ्याच्या कुंकवाची धास्ती तिला जास्त. हे मला समजत होतं. पण समजलं म्हणून चूक बरोबर होते का? मी म्हणाले, "आत्या, अवं ठिपका झाकलाय त्यात! आबांना दिसायचं न्हाई. रानात लेकरू हाय!" भाऊ म्हणाला, "आबा बघत्याल काय ते." आबा म्हणाले, "ऱ्हाऊ दे." आईनं फडक्याकडं पाहिलं, पाटाकडं पाहिलं. काय झालंय ते तिला आता कळलं होतं. पण तीही बोलली नाही. एवढं मोठं घर, आणि सगळ्यांच्या तोंडात गुळण्या.

"मंग मेंढरं तरी हलवूया," मी म्हणाले. तर भाऊ म्हणतो, मेंढरं हलवली तर गाव काय म्हणेल? सुभेदाराला नेम येईना म्हणेल. माणूस मेला तरी चालेल, पण गाव काही म्हणता कामा नये!

दसऱ्याच्या दुपारी मी कुणाला न विचारता त्या रानात गेले. मेंढपाळाची बायको पालापुढं चुलीला फुंकर घालत होती. नवरा मेंढरांत होता. पोर माझ्या पायाला येऊन बिलगलं. मी तिला सांगितलं, आजचा दिवस पाल उचला, ओढ्यापलीकडं जा.

"मालकांनी सांगावा धाडलाय, हलू नगा म्हनून," ती म्हणाली. "त्यांच्या रानात बसतोय आमी. त्यांचा शबूद कसा मोडावा?"

"आन् गोळी लागली मंग?"

तिनं फुंकणी खाली ठेवली. "बाई, तुमी घरातली मानसं. तुमी त्यास्नी बोलत न्हाईसा. आमी कुटनं बोलावं?"

मला थोबाडीत बसल्यासारखं झालं. मी तिथंच उभी राहिले. समोर शिवेवरचं शमीचं झाड दिसत होतं, फांदीला टांगलेला कोहळा दिसत होता. म्हणजे झाडाकडून बघणाऱ्याच्या बरोबर समोर मी होते, आणि माझ्या पायाशी ते पोर. दिवस कलायला लागला. हलगीचा आवाज जवळ आला. पागोटी दिसायला लागली. आबा गर्दीच्या पुढं आले, पाय फाकवून उभे राहिले आणि त्यांनी कमरेचं रिव्हॉल्व्हर काढलं.

मी चालायला लागले. पळाले नाही. झाडाखाली आले आणि कोहळ्याच्या पुढं, आबांच्या समोर उभी राहिले. हलगी बंद पडली. भाऊ ओरडला, "ए, बाजूला हो! खुळी झालीस काय?"

आबांनी हात खाली घेतला. डोळे बारीक केले. मला त्यांच्या मिशीतला एकेक पांढरा केस दिसत होता, इतकी मी जवळ होते.

"कोन हाय ते?" आबा म्हणाले. "कोन हाय? बाजूला व्हा."

सगळ्या गावानं ते ऐकलं. माझ्या बापाला समोर उभी असलेली पोटची पोर ओळखू येत नव्हती, आणि त्याच्या हातात भरलेलं हत्यार होतं. कुणी हसलं नाही. गेल्या वर्षी हसणारेही नाहीत.

मी पुढं गेले, नळी धरून जमिनीकडं केली आणि पदर तोंडात ओला करून ते कुंकू खसाखसा पुसलं. अक्षता खाली पडल्या. मागं कुणीतरी "अगं अगं" म्हणालं. पोवळं मोकळं झालं, लालभडक. मी म्हणाले, "आता दिसतोय का, आबा? खरं सांगा."

आबा फक्त मला ऐकू येईल असं बोलले. "ठिपका मला कवाच दिसला न्हाई, पोरी."

"मंग डबा कसा लागला?"

"डबा उनात चमकत हुता. त्येच्याकडं हात केला."

"मंग दिसतोय म्हनून का सांगितलंत?"

"तू लय मन लावून बसवलावतास."

कुणाला वाटेल, या वाक्यानं माझा राग निवला असेल. निवला नाही, भडकला. माझं मन राखायला हा माणूस एका रांगत्या पोरावर गोळी झाडायला निघाला होता! आणि आम्ही सगळे त्याचं मन राखायला त्याला झाडू देणार होतो. मन राखायचं, अब्रू राखायची, कुंकू राखायचं. सगळं राखायचं आणि ते लेकरू उघड्यावर. मी तिथंच, गावासमोर, बापाचं मनगट धरून रडले. दुःखानं नाही, संतापानं.

आबांनी मनगट सोडवून घेतलं. हातांनीच चाचपून रिव्हॉल्व्हर रिकामं केलं, गोळ्या खिशात टाकल्या आणि मोठ्यानं, परेडवर बोलावं तसं म्हणाले, "कोहळा कोयत्यानं फोडा." कुणी हललं नाही, तसे पुन्हा म्हणाले, "ऐकू येत न्हाई? कोयता घ्या!" मग कुणीतरी कोयता आणला, कोहळा फोडला, लोकांनी सोनं लुटलं. पण घरोघरी ते सोनं देताना त्या वर्षी तोंडातून शब्द कमी निघाले. तेव्हापासून आमच्या शिवेवर कोहळा कोयत्यानंच फुटतो.

तुम्ही म्हणाल, मग आबा मिरजेला गेले असतील. नाही गेले. शेवटपर्यंत नाही. ट्रंकेची किल्ली तेवढी त्यांनी आईकडं दिली. दिवाळीपर्यंत माझ्याशी बोलले नाहीत आणि मीही बोलले नाही. त्यांचीच लेक मी. एक मात्र झालं. दारात कुणी उभं राहिलं की आबा आता खाकरायचे नाहीत, सरळ विचारायचे, "कोन हाय?" आणि समोरचा नाव सांगायचा. एवढं सोपं होतं ते.

आत्यानं मात्र ती गोष्ट सोडली नाही. कुणाला ताप आला, गाय आटली, ऊस लोळला, की ती माझ्याकडं बघायची. कुंकू पुसणारी. माझं स्थळ बघायला आलेल्यांच्याही कानावर ते गेलं होतं.

पुढं काही वर्षांनी आबा गेले. एकोणीसशे सत्तर साल सरत आलेलं. छातीत कळ आली आणि संपलं. मी साताऱ्याहून, सासरहून धावत आले. अंगण माणसांनी भरलेलं. आबांना नेल्यावर बायका आईभोवती जमल्या, तिचं कुंकू पुसायला. आत्या ओला पदर घेऊन पुढं झाली आणि मला बघितल्यावर तिचा बांध फुटला. सगळ्यांसमोर म्हणाली, "हिनं तवाच पुसलं हुतं. शिवंवर, गावाफुडं. त्येच आज भोवलं."

मी तोंड उघडणार होते. माझ्याकडं बोलायला पुष्कळ होतं. पण आईनं आत्याचं मनगट धरलं. ज्या बाईनं सबंध संसारात नणंदेला उलट उत्तर दिलं नाही, ती म्हणाली, "वन्सं, लेकीनं मी लोखंडाला लावल्यालं कुकू पुसलं. मी बोलायला पायजे हुतं, मी बोललो न्हाई, म्हनून तिला पुसाय लागलं. त्या पालातलं लेकरू आज मेंढरामागनं पळतंय. ते बघून या, आन् मंग माझ्या कपाळाला हात लावा."

आत्याचा हात तसाच राहिला. त्या दिवशी पुन्हा कुणी पुढं झालं नाही, आणि दिवेलागणीपर्यंत आई भिंतीला टेकून कपाळावरच्या कुंकवासकट बसून होती.